रिकाम्या अवतरणचिन्हांतली जागा

सी भाषेत लिहिलेल्या पुष्कळ प्रोग्रॅमांच्या अगदी आरंभी एक छोटीशी ओळ असते. ‘सेटलोकेल’ नावाच्या फंक्शनला त्या ओळीत दोनच गोष्टी सांगितलेल्या असतात. पहिली ‘एलसी-ऑल’, म्हणजे भाषेशी संबंध असलेल्या सगळ्या बाबतींत. दुसरी म्हणजे अवतरणचिन्हांची एक जोडी, आणि त्या जोडीत काहीही नाही. इंग्रजीचे नाव नाही, मराठीचे नाही, कुठल्या देशाचेही नाही. सी भाषेच्या १९८९ च्या प्रमाण आवृत्तीने या रिकामपणाचा अर्थ ठरवून दिला आहे: ज्या भोवतालात प्रोग्रॅम चालवला जात असेल, त्या भोवतालाची भाषा. यूनिक्सच्या परंपरेत हा भोवताल ज्याचा त्याला ठरवता येतो. म्हणजे प्रोग्रॅम लिहिणारा तिथे थांबतो आणि पुढचा शब्द वापरणाऱ्यावर सोपवतो.

ही ओळ लिहिलीच नाही, तर प्रोग्रॅम ‘सी’ याच नावाच्या लोकेलमध्ये राहतो. लोकेल म्हणजे भाषा, लिपी, तारखा, अंक, नाणे, अकारविल्हे अशा एका समाजाच्या लेखनसवयींचा संच. ‘सी’ हा त्यातला कुणाचाच नसलेला संच आहे, आणि प्रत्येक प्रोग्रॅम त्यातच जन्माला येतो. तिथून त्याला माणसांच्या भाषेत आणणारी ओळ ही. ती लिहिणारा कधी फिनलंडमध्ये बसलेला असतो, कधी ब्राझीलमध्ये. त्याने मराठीचे नाव ऐकलेले असेलच असे नाही. तरीही त्या मोकळ्या जागेत मराठी बसते.

संगणकावर नवी भाषा बसवणे आणि मेनूंची भाषा बदलणे हा विषय एरवी मदतपुस्तिकेतल्या चार-पाच पायऱ्यांत संपतो. या पायऱ्यांमागे जी रचना आहे ती मात्र एखाद्या चांगल्या संहितेसारखी शब्दशः वाचण्याच्या योग्यतेची आहे. तिच्यात विचार आहे, संयम आहे आणि न पाहिलेल्या वाचकाविषयी आदर आहे. रसग्रहणासाठी मी डेबियन आणि उबुंटू या लिनक्स प्रणालींतली व्यवस्था घेतली आहे, कारण तिची प्रत्येक ओळ कुणालाही उघडून पाहता येते.

डेबियन बसवायला घेतली की इंस्टॉलर पहिला प्रश्न भाषेचा विचारतो. डिस्क कुठली, पासवर्ड कोणता, नेटवर्क कुठले, हे सगळे नंतर. कारण यापुढचा प्रत्येक प्रश्न कोणत्या भाषेत विचारायचा ते आधी ठरायला हवे. समोर येणाऱ्या यादीत प्रत्येक भाषेचे नाव दोनदा असते: एकदा इंग्रजीत, एकदा त्या भाषेच्या स्वतःच्या लिपीत. ज्याला इंग्रजी वाचता येत नाही त्याने यादीवरून नजर फिरवली तरी ‘मराठी’ ही देवनागरी अक्षरे त्याला थांबवतील. इंग्रजीतल्या यादीतून मराठी शोधायला लावणे म्हणजे मराठीची सोय ठेवून तिच्यापर्यंतची वाट बंद करणे होते. ही यादी ती वाट उघडी ठेवते.

ही वाट आपोआप मिळालेली नाही. इंस्टॉलरचा मजकुरी पडदा साध्या चौकटींत एकेक अक्षर ठेवत जातो. काना-मात्रा, वेलांटी, जोडाक्षर हे त्या चौकटींना पेलत नाही. पहिली वेलांटी उच्चारात व्यंजनानंतर येते आणि कागदावर त्याच्या आधी बसते, अशा लिपीला चौकटींची रांग पुरत नाही. २००७ मध्ये डेबियनची ४.० ही आवृत्ती चित्रमय इंस्टॉलरसह आली आणि देवनागरीसारख्या लिप्यांचा रस्ता मोकळा झाला. निवडलेल्या भाषेतले भाषांतर अपुरे असेल, तर इंस्टॉलर पुढे जाण्याआधीच तसे सांगतो: काही प्रश्न तुम्हाला इंग्रजीत दिसण्याची शक्यता आहे, चालेल का? आपल्या उणिवेची आगाऊ कल्पना देऊन मग परवानगी मागणे हा या संहितेचा स्वभाव आहे, आणि तो पुढेही जागोजागी भेटतो.

आता लोकेलच्या नावाकडे वळू. मराठीच्या लोकेलचे नाव आहे एम-आर, मग खालची रेघ, मग आय-एन. त्याचा पदच्छेद सोपा आहे. एम-आर हे भाषांच्या आंतरराष्ट्रीय प्रमाणसूचीतले मराठीचे दोन अक्षरी चिन्ह आणि आय-एन हे देशांच्या सूचीतले भारताचे. भाषा आणि देश ही दोन वेगळी पदे ठेवल्यामुळे एका देशात अनेक भाषा आणि एका भाषेचे अनेक देश, या दोन्ही गोष्टी या छोट्या नावात मावतात. आपल्या देशासाठी ही सोय फार मोलाची आहे. आय-एन हे शेपूट हिंदी, तमिळ, बंगाली, कोकणी या सगळ्यांच्या नावापुढे लागते आणि कुणाचेही पहिले पद त्याने पुसले जात नाही.

डेबियनमध्ये या सगळ्या लोकेलची एक साधी मजकुरी फाइल असते. तिच्यात शेकडो ओळी आहेत, आणि बहुतेक ओळींच्या आरंभी हॅशचे चिन्ह आहे. हॅश असलेली ओळ संगणक वाचत नाही. मराठीची ओळ तिथे आधीपासून असते, आगेमागे मंगोलियन, मणिपुरी, मलाय, माल्टीज. भाषा बसवायची म्हणजे तिच्या पुढचा हॅश काढायचा आणि ‘लोकेल-जेन’ ही आज्ञा द्यायची, की त्या ओळीवरून लोकेल तयार होते. हेच काम यादीत खूण करूनही होते. मराठी बाहेरून आणून जोडावी लागत नाही. ती यादीत आहे, फक्त जागी करायची आहे.

याच फाइलमधल्या दोन भाषा शेजारी ठेवून वाचल्या तर इतिहास दिसतो. फ्रान्सच्या फ्रेंचसाठी तीन ओळी आहेत. एक जुन्या आयएसओ-८८५९-१ या संकेतावलीची, म्हणजे अक्षरांना आकडे नेमून देणाऱ्या पद्धतीची, एक यूटीएफ-८ ची आणि एक युरोचे चिन्ह सामावून घेणाऱ्या संकेतावलीची. मराठीसाठी एकच ओळ आहे आणि ती यूटीएफ-८ ची आहे. फ्रेंचला यूटीएफ-८ हवे असेल तर नावापुढे तसे जोडून लिहावे लागते, मराठीला लागत नाही, कारण तिच्यासाठी या प्रणालीत दुसरी संकेतावली कधी नव्हतीच.

त्या एका ओळीमागे मराठीने काढलेला बराच काळ आहे. भारतीय लिप्यांसाठी इस्की ही संकेतावली होती, तिचे भारतीय मानक १९९१ चे. यूनिकोडमधला देवनागरीचा विभाग तिच्याच १९८८ च्या रूपावर बेतलेला आहे. पण छापखान्यांत आणि कचेऱ्यांत चालत होते ते निरनिराळ्या कंपन्यांचे फाँट. प्रत्येकाचा संकेत वेगळा. एका फाँटमध्ये टंकलेला मजकूर तो फाँट नसलेल्या संगणकावर उघडला की अक्षरांचा नुसता चिखल. त्या काळात काम केलेल्या प्रत्येक मराठी संपादकाला आणि डीटीपी करणाऱ्याला तो चिखल माहीत आहे. सप्टेंबर १९९२ मध्ये केन टॉम्प्सन आणि रॉब पाइक यांनी यूटीएफ-८ ची रचना केली. तिच्यात जुनी रोमन अक्षरे एका बाइटमध्ये जशीच्या तशी राहतात आणि देवनागरीचे प्रत्येक चिन्ह तीन बाइटांत बसते. जुन्या प्रोग्रॅमांना धक्का न लावता साऱ्या लिप्यांना एका ओळीत बसवणारा हा मार्ग नसता, तर ‘भाषा बदला’ या आज्ञेला मराठीपुरता काही अर्थ उरला नसता.

लोकेलच्या पोटात खाती आहेत, आणि ती वेगवेगळी ठेवण्यात मोठा विवेक आहे. संदेशांची भाषा एका खात्यात, तारखा-वेळा दुसऱ्यात, अंकांची मांडणी तिसऱ्यात, नाणे चौथ्यात, अकारविल्हे पाचव्यात. लिनक्सच्या मूळ ग्रंथालयाने त्यांत कागदाचा आकार, पत्ता, दूरध्वनी, मोजमापे यांचीही भर घातली आहे. हे सगळे एकाच मुठीत बांधता आले असते. ते सुटे ठेवल्यामुळे न्यू जर्सीतल्या मराठी कुटुंबाला मेनू मराठीत ठेवून कागद अमेरिकी लेटर आकाराचा ठेवता येतो. पुण्यातल्या हिशेबनिसाला मेनू इंग्रजी ठेवून तारखा मराठीत आणता येतात. माणूस एकाच वेळी एका भाषेत घरचा आणि दुसऱ्या व्यवहारात बाहेरचा असतो, हे या रचनेला कळते.

या सवयींचे तपशील गोळा करून ठेवण्याचे मोठे काम यूनिकोड कन्सोर्शियमच्या सीएलडीआर या भांडारात चालते. त्यातले मराठीचे पान आपल्या डोळ्यांनी वाचावे. मराठीचे नेहमीचे अंक तिथे देवनागरी ठरवलेले आहेत, हिंदीचे मात्र रोमन. मोठ्या संख्येत शेवटचे तीन अंक सोडून पुढे दोन-दोन अंकांनंतर स्वल्पविराम येतो, त्यामुळे लाख आणि कोटी डोळ्यांना दिसतात. अकारविल्ह्यात ‘ळ’ हा ‘ल’च्या शेजारी न राहता ‘ह’नंतर येतो आणि त्याच्या मागे ‘क्ष’, ‘ज्ञ’. शाळेत फळ्यावर शिकलेली वर्णमाला तीच. यूनिकोडच्या क्रमांकांत ‘ळ’ची जागा ‘ल’नंतरची आहे, म्हणून नुसत्या क्रमांकांवर विसंबले असते तर मराठी शब्दकोश आपल्याला अनोळखी वाटला असता.

या संहितेतला मला सर्वांत आवडणारा भाग म्हणजे ‘लँग्वेज’ नावाचे छोटे चल. त्यात एकच भाषा नसते, पसंतीच्या क्रमाने भाषांची रांग असते आणि दोन भाषांच्या मध्ये अपूर्णविराम असतो. आधी मराठी, मग हिंदी, मग इंग्रजी, असे सांगता येते. प्रोग्रॅम एखादे वाक्य दाखवायच्या वेळी आधी मराठीचे भांडार उघडतो. ते वाक्य तिथे नसेल तर हिंदीचे. तिथेही नसेल तर मूळ इंग्रजी. ही निवड अख्ख्या प्रोग्रॅमसाठी एकदाच होत नाही, वाक्यागणिक होते. एकाच खिडकीत दहा वाक्ये मराठी, एक हिंदी आणि एक इंग्रजी असू शकते.

उबुंटूने ही रांग डोळ्यांपुढे मांडली आहे. ‘लँग्वेज सपोर्ट’ या खिडकीत भाषांची नावे माउसने ओढून वरखाली करता येतात आणि इंग्रजीच्या खालची नावे फिकट होतात. त्या फिकेपणाला कारण आहे. मूळ वाक्ये इंग्रजीत लिहिलेली असल्यामुळे इंग्रजीपर्यंत पोचल्यावर शोध संपतोच, पुढच्या भाषेची पाळी येत नाही. एका रंगछटेत सगळी कार्यपद्धती सांगून टाकली आहे. आणि खोलवर पाहिले तर भारतीय माणसाच्या भाषिक आयुष्याचे याहून खरे चित्र मला दुसऱ्या कुठल्या सेटिंगमध्ये दिसलेले नाही. सोलापूरच्या माणसाला मराठीनंतर कन्नड जवळची असेल, गोव्यातल्याला कोकणीनंतर मराठी, नागपूरच्याला हिंदी. पहिली भाषा कमी पडली तर थेट इंग्रजीवर जावे, असे ही रचना गृहीत धरत नाही. दुसरी भाषा कोणती, हेही ती ज्याचे त्याला विचारते.

या सगळ्याच्या तळाशी आहे ‘गेटटेक्स्ट’. जीएनयू प्रकल्पासाठी उलरिख ड्रेपर यांनी १९९५ मध्ये लिहिलेली त्याची आवृत्ती आजही मुक्त सॉफ्टवेअरच्या भाषांतराचा पाया आहे. त्याच्याआधीच्या ‘कॅटगेट्स’ पद्धतीत प्रत्येक संदेश त्याच्या क्रमांकाने ओळखला जाई. गेटटेक्स्टने क्रमांक काढून टाकले आणि मूळ वाक्य हीच संदेशाची ओळख ठरवली. भाषांतराच्या फाइलमध्ये एका ओळीवर मूळ वाक्य, तिच्या खाली भाषांतर, अशा जोड्या एकामागून एक लावलेल्या असतात. संहिता आणि तिच्या खाली टीका, अशी आपल्याकडच्या पोथ्यांची मांडणी ज्यांनी पाहिली आहे त्यांना ही फाइल परकी वाटणार नाही.

वाक्यच ओळख असल्यामुळे एक सुंदर परिणाम घडतो. भाषांतर नसेल तर ओळखीचे वाक्य तसेच्या तसे पडद्यावर येते. रिकामी चौकट येत नाही, क्रमांक येत नाही, प्रोग्रॅम बंदही पडत नाही. म्हणून भाषांतर पूर्ण होण्याची वाट पाहावी लागत नाही. शंभरातली वीस वाक्ये मराठीत झाली तरी ती वीस आजच दिसू लागतात. अपुऱ्या कामालाही लगेच उपयोग मिळतो, आणि स्वेच्छेने काम करणाऱ्या माणसाला याहून मोठे बळ नाही.

याच्याही पुढचा विवेक ‘फझी’ या खुणेत आहे. मूळ इंग्रजी वाक्य बदलले की त्याच्याशी मिळत्याजुळत्या जुन्या भाषांतरावर ही खूण आपोआप लागते. खूण असलेले भाषांतर फाइलमध्ये राहते, भाषांतरकाराला दिसते, पण अंतिम भांडारात घेतले जात नाही. वापरणाऱ्यासमोर जुने मराठी वाक्य न येता नवे इंग्रजी वाक्य येते. समजा, आधीचे वाक्य ‘फाइल ठेवायची का?’ असे होते आणि नवे ‘फाइल पुसायची का?’ असे झाले. अशा वेळी चुकीची मराठी दाखवण्यापेक्षा बरोबर इंग्रजी दाखवणे हाच मराठी वाचकाचा सन्मान आहे. संस्कृत काव्यशास्त्रकार क्षेमेंद्राने औचित्याला काव्याचे जीवित म्हटले. हे औचित्य इथे एका खुणेत सांभाळले आहे.

वाक्यांच्या जोड्या लावताना मराठीचे व्याकरण जागोजागी आडवे येते, आणि त्याची दखल घेण्याची सोय रचनेत आहे की नाही, यावर तिचे मोठेपण ठरते. दहांतल्या तीन फायली झाल्या, हे सांगताना इंग्रजी आधी तीन म्हणते, मग दहा. मराठी ‘१० पैकी ३’ म्हणते. आकडे उलटे येतात. गेटटेक्स्टच्या फायलींत भाषांतरकाराला प्रत्येक मोकळ्या जागेवर तिचा क्रमांक लिहिता येतो: दुसरा आकडा आधी, पहिला नंतर. एका अंकाने आणि डॉलरच्या चिन्हाने मराठीच्या वाक्यरचनेला तिचा हक्क मिळतो.

वचनाचेही तसेच. प्रत्येक भाषेच्या फाइलच्या माथ्यावर त्या भाषेत अनेकवचनाची रूपे किती आणि कोणते केव्हा वापरायचे, याचे सूत्र असते. मराठीत रूपे दोन: संख्या एक असेल तर पहिले, नसेल तर दुसरे. ‘१ फाइल निवडली’, ‘५ फायली निवडल्या’. शून्याला मराठी अनेकवचन मानते, ‘शून्य फायली’, तर फ्रेंच शून्याला एकवचनात ठेवते. जपानीत एकच रूप, अरबीत सहा. इंग्रजीत दोनच रूपे असताना सहा रूपांच्या भाषेसाठी आधीच जागा करून ठेवणे, यात दुसऱ्याच्या व्याकरणापुढची नम्रता आहे.

एका ठिकाणी मात्र मराठी या साच्यात मावत नाही. मोकळ्या जागेत गावाचे नाव येणार असेल आणि वाक्य त्या गावी काय घडते याविषयी असेल, तर आपल्याला ‘पुण्यात’ हवे असते. प्रोग्रॅमकडे मात्र ‘पुणे’ एवढाच शब्द असतो, आणि त्याला प्रत्यय चिकटवला की ‘पुणेमध्ये’ असे काहीतरी तयार होते. सामान्यरूप ही मराठीची नस साच्याला सापडत नाही. लिंगाचीही अडचण: फाइलला ‘अहवाल’ हे नाव असो की ‘कविता’, क्रियापदाने कोणाशी जुळवून घ्यायचे? इथे जाणत्या भाषांतरकाराचे कसब दिसते. तो नावाला प्रत्यय लावत नाही. ‘ठिकाण: पुणे’ असे लिहितो. ‘“अहवाल” ही फाइल उघडली’ असे लिहितो, म्हणजे क्रियापद ‘फाइल’शी जुळते आणि आतले नाव काहीही असले तरी वाक्य शुद्ध राहते. ज्या मराठी वाक्यांवरून आपण रोज क्लिक करत पुढे जातो, त्यांत अशी शांत हातोटी असते आणि ती दिसू नये हीच तिची कसोटी असते.

भाषा बदलल्यावर अक्षरांचे वळणही बदलते, हा या संहितेतला सर्वांत सूक्ष्म आनंद. ‘ल’ आणि ‘श’ या अक्षरांना यूनिकोडमध्ये हिंदी आणि मराठी मिळून एकेकच जागा आहे. पण हिंदीत रुळलेला दंडयुक्त ल आणि आपला पाकळीयुक्त ल यांचे वळण वेगळे. ‘श’चेही तसेच. महाराष्ट्र शासनाने २०२२ मध्ये पाकळीयुक्त ल आणि देठयुक्त श हीच मराठीची वळणे म्हणून पुन्हा ठरवून दिली. ओपनटाइप फाँटमध्ये भाषेनुसार अक्षराचे रूप पालटण्याची सोय असते. रेड हॅटच्या लोहित कुळात आधी मराठीचा फाँट वेगळा आणि हिंदीचा वेगळा होता. पुढे त्यांचा एकच ‘लोहित देवनागरी’ झाला आणि भाषेप्रमाणे वळण निवडण्याचे काम फाँटनेच अंगावर घेतले. पडद्यावर अक्षरे मांडणारी यंत्रणा लोकेलवरून भाषा ओळखते आणि फाँटला सांगते. म्हणून ‘लोकशाही’ नावाचे फोल्डर हिंदी लोकेलमध्ये एका वळणाने दिसते आणि मराठी लोकेलमध्ये आपल्या वळणाने. नाव तेच, साठवलेले बाइट तेच, बदलतो तो फक्त हात.

विंडोजवरही देवनागरीचा इतिहास मराठी हातांनी लिहिला आहे. विंडोज २००० बरोबर आलेला ‘मंगल’ हा फाँट मुंबईचे सुलेखनकार आणि कवी र. कृ. जोशी यांच्या मार्गदर्शनाखाली तयार झाला. आपल्यापैकी अनेकांनी पडद्यावर पहिली यूनिकोड मराठी वाचली ती त्या अक्षरांत. मात्र मेनूंची भाषा बदलण्याबाबत विंडोजची वाटचाल वेगळी झाली. विंडोज ७ मध्ये पूर्ण भाषासंच फक्त अल्टिमेट आणि एंटरप्राइझ या आवृत्त्यांवर चढत. मराठीसारख्या भाषांसाठी मोफत ‘लँग्वेज इंटरफेस पॅक’ मिळे, तोही दुसऱ्या पायाभाषेवरचा थर म्हणून. २०१२ च्या विंडोज ८ पासून हे बंधन बरेच सैल झाले आणि आज सेटिंगमधून मराठी उतरवून घेता येते. तरीही ‘सिंगल लँग्वेज’ नावाची आवृत्ती अजून अनेक लॅपटॉपांवर बसवलेली असते आणि तिच्यात दुसरी प्रदर्शनभाषा भरता येत नाही. लॅपटॉप विकत घेताना हे दोन शब्द तपासून घ्यावेत.

आता भाषा बदलल्यानंतरचा क्षण. नवी भाषा निवडली की प्रणाली सांगते, बाहेर पडून पुन्हा लॉगिन करा. यात आडमुठेपणा नाही. भाषेचे चल प्रत्येक प्रोग्रॅमला तो सुरू होतानाच, त्याला सुरू करणाऱ्या प्रोग्रॅमकडून मिळते. चालू असलेल्या प्रोग्रॅमकडे जुनीच प्रत असते. लॉगिन ही त्या साखळीची पहिली कडी, म्हणून तिथून सुरुवात केली की नवी भाषा सगळीकडे पोचते. ही निवड प्रत्येक वापरकर्त्याची स्वतंत्र असते, हेही याच रचनेमुळे. घरातल्या एकाच संगणकावर आजी मराठीत आणि नात इंग्रजीत लॉगिन करू शकते, कुणाला कुणासाठी तडजोड करावी लागत नाही.

नव्या भाषेत पहिल्यांदा आत शिरताच ग्नोमचा डेस्कटॉप एक प्रश्न विचारतो. डॉक्युमेंट्स, डाउनलोड्स, पिक्चर्स अशा नेहमीच्या फोल्डरांची नावेही नव्या भाषेत बदलू का, की जुनी राहू देऊ? कोणते फोल्डर कोणत्या नावाचे होईल, हे समोर मांडून दाखवलेले असते, आणि पुन्हा विचारू नये असे सांगण्याचीही सोय असते. मेनू हे प्रणालीचे बोलणे, पण फोल्डर ही वापरणाऱ्याची मालमत्ता. बोलण्याची भाषा बदलायला एक परवानगी पुरली, मालमत्तेला हात लावण्याआधी दुसरी मागितली. ही सीमारेषा ज्याने आखली त्याला मी चांगला लेखक म्हणेन.

या रचनेची मर्यादाही सांगायला हवी. तिच्या मुळाशी इंग्रजी आहे. प्रत्येक वाक्याची ओळख इंग्रजीत आहे, रांगेच्या शेवटी इंग्रजी आहे, आणि मराठीत आधी सुचलेले वाक्य या व्यवस्थेत मूळ वाक्य म्हणून क्वचितच येते. दुसरे असे की रचनेने जागा दिली तरी ती भरणे रचनेच्या हातात नाही. पुण्यातल्या रेड हॅटच्या कचेरीतून आणि अनेक स्वयंसेवकांच्या हातून मराठीचे खूप काम झाले. ग्नोम, केडीई, फायरफॉक्स, लिबरऑफिस यांत मराठी उभी राहिली ती त्यांच्यामुळे. पण प्रोग्रॅम दर काही महिन्यांनी बदलतात, वाक्ये वाढतात, फझीच्या खुणा साचतात. हात कमी पडले की मराठी मेनूंत इंग्रजीचे तुकडे वाढत जातात, आणि ते पाहून लोक मराठी बंद करतात. वापरणारे घटले की चुका सांगणारेही घटतात.

माझा निर्णय स्पष्ट आहे. आपल्या काळात अनोळखी माणसांनी आपल्या भाषेसाठी केलेल्या कामांत ही रचना फार वरच्या जागी ठेवावी लागेल. न पाहिलेल्या भाषेसाठी जागा मोकळी ठेवावी, तिच्या व्याकरणाला वाट द्यावी, अपुरे कामही लगेच उपयोगी पडू द्यावे, चुकीचे दाखवण्यापेक्षा मागे सरावे आणि दुसऱ्याच्या वस्तूला विचारल्याशिवाय हात लावू नये: एवढी मूल्ये एका सेटिंगच्या मागे उभी आहेत. ‘मराठीत संगणक चालत नाही’ असे म्हणणाऱ्याला आता तंत्रज्ञानाचे कारण पुढे करता येणार नाही.

म्हणून वाचकांना विनंती. आपल्या संगणकाच्या सेटिंगमध्ये जाऊन मराठी पहिल्या क्रमांकावर आणा आणि काही आठवडे तशीच ठेवा. सुरुवातीला एखादा शब्द अडेल, तो सवयीने सुटेल. जे वाक्य खरोखर अवघड, चुकीचे किंवा इंग्रजीच राहिलेले दिसेल ते टिपून ठेवा आणि त्या प्रोग्रॅमच्या मराठी भाषांतराच्या गटाला कळवा. जमले तर स्वतः दुरुस्त करून पाठवा. त्यासाठी प्रोग्रॅमिंग यावे लागत नाही, चांगली मराठी यावी लागते. मराठीच्या शिक्षकांनी, मुद्रितशोधकांनी आणि पत्रकारांनी हे काम आपले मानावे. तुमचे एक दुरुस्त वाक्य पुढच्या आवृत्तीत मराठी निवडणाऱ्या प्रत्येकाच्या पडद्यावर जाईल.